गम्पेरळिय: रसग्रहण पुस्तिकेच्या प्रकल्प नोंदी

८ जून

कालच्या बैठकीत ठरलं. पावसाळी सत्राचा चित्रपट ‘गम्पेरळिय’. दिग्दर्शक लेस्टर जेम्स पीरिस, साल १९६३, सिंहली, कृष्णधवल. चित्रपटाच्या आधी वाटायला मराठीत एक छोटी रसग्रहण पुस्तिका करायची आणि ते काम माझ्याकडे. म्हणून ही वही.

हाच चित्रपट का, ते आधी लिहून ठेवते. दर नोव्हेंबरात आमच्या सावंतवाडीच्या मंडळातले बरेच जण एसटीने पणजी गाठतात, इफ्फीसाठी, म्हणजे भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवासाठी. तिथला सर्वोच्च पुरस्कार सुवर्णमयूर कुणाला मिळायला हवा होता यावर परतीच्या प्रवासात वाद होतात. हा महोत्सव २००४ पासून गोव्यात आहे. पहिला भरला होता मुंबईत, जानेवारी १९५२ मध्ये. स्पर्धा सुरू झाली तिसऱ्या महोत्सवापासून: दिल्ली, जानेवारी १९६५, परीक्षक मंडळाचे अध्यक्ष सत्यजित राय. त्या वर्षी, म्हणजे अगदी पहिल्यांदा, सुवर्णमयूर मिळाला तो ‘गम्पेरळिय’ला. ज्या पुरस्कारावर आपण इतकं बोलतो त्याची सुरुवात शेजारच्या बेटावरच्या एका खेड्यातल्या घरापासून झाली, आणि मंडळात हा चित्रपट पाहिलेलं कुणी नाही. एवढं कारण मला पुरेसं वाटतं.

पुस्तिकेत काय हवं: कथा थोडक्यात, पात्रांचा वंशवृक्ष, दक्षिण श्रीलंकेचा नकाशा, सनावळी, आणि चर्चेसाठी प्रश्न. समीक्षेचा लेख नको, असं अध्यक्षकाकांचं म्हणणं. बघू.

१२ जून

कादंबरीपासून सुरुवात केली. मार्टिन विक्रमसिंघे यांची ‘गम्पेरळिय’ १९४४ ची. नावाचा अर्थ गावाची उलथापालथ. गाव म्हणजे त्यांचं स्वतःचं कोग्गल. गॉल आणि मातर या दोन शहरांच्या मधे, एका अंगाला समुद्र, दुसऱ्या अंगाला खारं सरोवर, मधे माडांची पट्टी. विक्रमसिंघे तिथे १८९० साली जन्मले. शाळा लवकर सुटली, पोटापाण्यासाठी कोलंबोला दुकानात हिशेबनीस झाले, बाकी सगळं शिक्षण स्वतःच्या वाचनातून. पुढे ‘दिनमिण’ या सिंहली दैनिकाचे संपादक झाले.

सनावळी करताना दोन तारखा शेजारी आल्या आणि हात थांबला. १९४२ मध्ये, दुसऱ्या महायुद्धात, ब्रिटिशांनी कोग्गलला विमानतळ आणि पाण्यावर उतरणाऱ्या विमानांचा तळ उभारला. त्यासाठी गावकऱ्यांना घरं सोडायला लावली. घरं पाडली गेली. विक्रमसिंघ्यांचं जन्मघर त्यातून वाचलं. याच तळावरून एप्रिल १९४२ मध्ये लिओनार्ड बर्चल हा कॅनडाचा वैमानिक उडाला आणि लंकेच्या दिशेने येणारा जपानी ताफा त्याने हेरला. इतिहासाच्या पुस्तकांत कोग्गलचं नाव येतं ते बहुधा त्यासाठीच. गाव उठलं १९४२ ला आणि कादंबरी आली १९४४ ला. कादंबरीचा काळ विसाव्या शतकाची पहिली दशकं आहे, तिच्यात विमानतळाचा मागमूस नाही. पण जे गाव जमिनीवरून उठवलं गेलं होतं ते कागदावर घर, अंगण, पाऊलवाट धरून बसवायचं काम त्या माणसाने त्याच काळात पुरं केलं.

हे पुस्तिकेत पहिल्या पानावर जाईल. लेखकाचं जन्मघर आज लोकजीवन संग्रहालयाचा भाग आहे.

१५ जून

वंशवृक्ष काढला. तो असा (मुहन्दिरम हे ब्रिटिश काळातलं देशी अधिकाऱ्याचं पद; कंसात कलाकारांची नावं):

कयिसारुवत्ते मुहन्दिरम (डेव्हिड धर्मकीर्ती) आणि त्यांची पत्नी मातर हामिने (शांती लेखा). मुलं तीन. थोरली अनुला (त्रिलिसिया गुणवर्धन), अविवाहित, घराण्याचा अभिमान अंगात मुरलेला. धाकटी नंदा (पुण्या हीन्देनिया). मुलगा तिस्स (विक्रम बोगोड), जो कामासाठी कोलंबोला जातो. नंदाला इंग्रजी शिकवायला येणारा गावातला तरुण पियल (हेन्री जयसेन). नंदाचा नवरा जिनदास (गामिणी फोन्सेका).

घराचं नाव महागेदर, मोठं घर. आपण ‘वाड्यावर बोलावलंय’ म्हणतो तेव्हा माणसाचं नाव घ्यावं लागत नाही, तसंच हे. कादंबरीतलं घर कोग्गलचं असलं तरी चित्रीकरण झालं बालपिटियातल्या एका जुन्या वलव्वात. सरदार-मानकरी कुटुंबांच्या तिथल्या वाड्यांना वलव्व म्हणतात. नकाशात दोन्ही ठिकाणं दाखवायची.

१६ जून

सभागृहाची तारीख पक्की: २४ ऑगस्ट, रविवार, सकाळी दहा. प्रदर्शनाच्या परवानगीचं पत्र पाठवलं. पडदा आहे, ध्वनीची व्यवस्था भाड्याने घ्यावी लागेल.

२२ जून

कथा थोडक्यात लिहायला बसले. पियल नंदाला शिकवतो, तिच्यात गुंततो, पत्र लिहितो. दोघांत ओढ आहे. घरचे नाकारतात, कारण पियलचं घराणं त्यांच्या बरोबरीचं नाही. पियल कोलंबोला जातो आणि व्यापारात वर येतो. नंदा आजारी पडते. भुताखेताची बाधा असावी म्हणून घरचे विधी करवतात. मग तिचं लग्न जिनदासशी लागतं. त्याच्याकडे घराणं आहे, पैसा नाही. मूल होतं, जगत नाही. मुहन्दिरम जातात, घराची आवक आटते. जिनदास व्यापारासाठी दूर डोंगराळ मुलखात जातो आणि परतत नाही. वर्षं जातात. तो वारल्याची बातमी येते. नंदा पियलशी लग्न करते. आणि मग तार येते: जिनदास मेला आहे, पण आत्ता, इस्पितळात. आधीची बातमी चुकीची होती.

एवढ्यात सगळं येतं, आणि वाचणाऱ्याला वाटेल की ही फसलेल्या प्रेमाची गोष्ट आहे. म्हणून हे पान पुस्तिकेत सुरुवातीला घालायचं नाही. आधी गाव, पद, जमीन, शिक्षण, मग कथा.

२९ जून

आज दिवसभर एकाच प्रश्नापाशी होते. पियल घरात शिरतो कशाच्या बळावर?

इंग्रजीच्या. मुहन्दिरम हे ब्रिटिश राजवटीतलं देशी अधिकाऱ्याचं पद. मुदलियार, मुहन्दिरम, आरच्चि, विदाने अशी ही उतरंड. वरच्या पायरीवर ज्यांना कोट, तलवार आणि सरकारदरबारी मान. किनारपट्टीवर इंग्रज आले १७९६ मध्ये, म्हणजे आपली कथा सुरू होते तेव्हा शंभरावर वर्षं उलटून गेली आहेत. साहेबाच्या भाषेशिवाय आता मान टिकत नाही हे मुहन्दिरमांच्या घराला कळलंय. म्हणून मुलीला इंग्रजी हवं. ते शिकवू शकतो गावातला खालच्या घरातला मुलगा. त्याची विद्या घरात घेतात, त्याला जावई करून घेत नाहीत. विद्या आणि विद्यावान यांच्यामधे उंबरठा कसा घालायचा हे त्या घराला नीट येतं.

पुढे पियलला पैसा मिळतो तोही शहरातून, व्यापारातून. मुहन्दिरमांची मिळकत माडांच्या आणि भाताच्या जमिनीवर, जी प्रत्येक पिढीत वाटणीने लहान होत जाते. कुणी कुणाला लुटत नाही. एक उत्पन्न आटतं, दुसरं वाढतं, आणि मधे फक्त पंधरावीस वर्षं जातात.

१९६३ च्या प्रेक्षकाला हे कसं दिसलं असेल? श्रीलंकेत मोफत शिक्षण आलं १९४५ मध्ये, सी. डब्ल्यू. डब्ल्यू. कन्नंगर यांच्या प्रयत्नांतून, बालवर्गापासून विद्यापीठापर्यंत. १९५६ च्या निवडणुकीत बंडारनायके निवडून येऊन पंतप्रधान झाले ते भिक्खू, वैद्य, शिक्षक, शेतकरी आणि कामगार या ‘पंचमहाबलवेग’ म्हणून गाजलेल्या पाच शक्तींच्या जोरावर. त्याच वर्षी सिंहली ही एकमेव राजभाषा करणारा कायदा झाला, ज्याने तमिळ नागरिकांना दूर लोटलं आणि ज्याचे परिणाम तो देश पुढे दशकानुदशकं भोगत राहिला. तेव्हा थिएटरात बसलेल्या कित्येकांच्या घरी पियल होता: शिकलेला, गावाबाहेर पडलेला, मोठ्या घराच्या पायरीशी कधीतरी उभा राहिलेला. त्यांना तो नायक वाटणं साहजिक होतं. मात्र चित्रपट त्याच्या बाजूने जल्लोष करत नाही.

६ जुलै

छोटी पण महत्त्वाची जोड. गावमुखियांची जुनी पदं श्रीलंकेत रद्द झाली आणि त्यांच्या जागी परीक्षा देऊन नेमलेले ग्रामसेवक आले ते १९६३ मध्येच. म्हणजे चित्रपट आला त्याच वर्षी. प्रेक्षक पडद्यावर जे मोडताना पाहत होता त्याचा शेवटचा कागद सरकारी कचेरीत नुकताच निघाला होता. आपल्याकडे महसुली पाटलांचं पद संपवणारा कायदा १९६२ चा. पुस्तिकेत ही ओळ टाकते आहे, कारण मंडळातल्या निम्म्या लोकांच्या घरात हा विषय जेवताना निघालेला असतो; त्यांना तुलना करायला सांगावं लागणार नाही.

१३ जुलै

आज सिनेमाची बाजू.

सिंहली बोलपटाची सुरुवात २१ जानेवारी १९४७ ला, ‘कडवुणु पोरोन्दुव’ने. निर्माते एस. एम. नायगम, चित्रीकरण दक्षिण भारतात. त्यानंतरची जवळपास दहा वर्षं सिंहली चित्रपट बहुतांशी मद्रासकडच्या स्टुडिओंत, तिथल्या तंत्रज्ञांकडून, तिथल्याच तमिळ-हिंदी चित्रपटांच्या साच्यात तयार व्हायचे. गाणी, नाच, विनोदी उपकथा, रंगवलेले पडदे. बोलणं सिंहली, घर-अंगण दुसरीकडचं.

लेस्टर पीरिस कोलंबोच्या कॅथलिक, घरात इंग्रजी बोलणाऱ्या कुटुंबातले. लंडनला पत्रकारी केली, परत येऊन सरकारी फिल्म युनिटमध्ये माहितीपट केले. तिथून तिघं बाहेर पडले: लेस्टर, छायालेखक विल्यम ब्लेक आणि संकलक टायटस तोटवत्त. १९५६ मध्ये ‘रेखाव’ केला, स्टुडिओबाहेर, खऱ्या गावात, खऱ्या उन्हात. तो १९५७ ला कान महोत्सवाच्या स्पर्धेत होता. ‘रेखाव’त गाणी होती. ‘गम्पेरळिय’त तीही काढून टाकली. सगळं चित्रीकरण स्टुडिओबाहेर. पटकथा रेजी सिरिवर्धन यांची, निर्माते अँटन विक्रमसिंघे, छायालेखन पुन्हा ब्लेक, संकलन सुमित्रा पीरिस. सुमित्राबाई लंडनला सिनेमाचं तंत्र शिकून आलेल्या, पुढे स्वतः दिग्दर्शक झाल्या.

त्यांचा १९७८ चा ‘गेहेणु लमयि’ मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनने पुनरुज्जीवित केला आणि तो २०२५ मध्ये कान महोत्सवाच्या अभिजात विभागात दाखवला गेला. ‘गम्पेरळिय’ची प्रतही पुनरुज्जीवित होऊन २००८ ला त्याच विभागात गेली होती. सुमित्राबाई जानेवारी २०२३ मध्ये गेल्या, लेस्टर २०१८ मध्ये, वयाच्या एकोणनव्वदीनंतरही दहा वर्षं जगून. त्यांच्या सिनेमांच्या मूळ निगेटिव्हची आबाळ त्या दोघांनी डोळ्यांदेखत पाहिली, ही गोष्ट मला फार लागते. दमट हवेत फिल्म जगत नाही. तिला थंड, कोरडी खोली लागते, आणि तेवढीही सोय वेळेवर होत नाही. कोकणात राहणाऱ्याला हे वेगळं सांगायला नको. भिंतीवरचे फोटो पाहा.

संगीत डब्ल्यू. डी. अमरदेव यांचं. ते लखनौच्या भातखंडे संगीत विद्यालयात शिकले आणि तिथे पं. व्ही. जी. जोग यांच्याकडे व्हायोलिन घेतलं. पं. विष्णु नारायण भातखंड्यांनी घालून दिलेली शिस्त आणि जोगबुवांचं गज-काम, अशी दोन मराठी माणसं त्या संगीताच्या मागे उभी आहेत. आमच्या मंडळात शास्त्रीय संगीत ऐकणारे बरेच. त्यांना कान देऊन ऐका एवढंच लिहीन.

१४ जुलै

परवानगी आली. उपशीर्षकं इंग्रजी आहेत. ज्यांना इंग्रजी वाचून पडद्याचा वेग गाठणं जड जातं त्यांच्यासाठी कथेचं पान मोठ्या टायपात, आदल्या आठवड्यात घरपोच द्यायचं ठरवलं.

२० जुलै

जिनदासवर लिहिलं. त्याच्याविषयी सहसा दोन ओळींत आटपतात: निकामी नवरा. गामिणी फोन्सेका तेव्हाच पडद्यावरचा मोठा नायक होता, आणि त्याने हे हरलेल्या माणसाचं काम स्वीकारलं. या निवडीत मला दिग्दर्शकाची समज दिसते. प्रेक्षक ज्याच्याकडे ताकद म्हणून पाहतो त्याच माणसाला व्यापार जमत नाही, कर्ज फिटत नाही, बायकोसमोर उभं राहवत नाही.

जिनदासला कुणी शिकवलंच काय होतं? चांगल्या घरात जन्म घेणं. तेवढ्या एका पात्रतेवर त्याची निवड झाली आणि तीच पात्रता बाजारात चालली नाही. दुकान मांडणं, उधारी वसूल करणं, अनोळखी मुलखात माल विकणं या कामांना त्याच्या वर्गाने पिढ्यान्‌पिढ्या कमी लेखलं. ज्याला कमी लेखलं त्याच कामावर त्याला जगायचं होतं. तो गावातून निघून जातो त्यात पळपुटेपणा आहे, पण लाजही आहे, आणि ती लाज त्याला त्या मोठ्या घराने दिली. मी त्याच्यासाठी पुस्तिकेत एक पूर्ण पान ठेवलं आहे.

२७ जुलै

आज नंदा. या नोंदीसाठी बरेच दिवस थांबले होते.

संध्याकाळी मंडळातल्या ज्येष्ठ बाईंकडे गेले. हायस्कूलवर मराठी शिकवून निवृत्त झाल्या आहेत, मी त्यांच्याकडे शिकलेली. पहिला मसुदा त्यांना वाचून दाखवला: जात, जमीन, इंग्रजी, पदं, जिनदास. सगळं ऐकून म्हणाल्या, “अगं, हे सगळं बाप्यांचं झालं. ती पोरगी काय म्हणते?”

ती पोरगी फार थोडं म्हणते. त्यामुळेच तिच्यावर लिहिणं अवघड आहे. पियलच्या पत्राला तिला काय वाटतं ते घर ठरवतं. आजारी पडते तेव्हा तिच्या अंगात काय आहे तेही घर ठरवतं, मांत्रिकाला बोलावून. जिनदासशी लग्न घर ठरवतं. पियलशी दुसरं लग्न होतं तेव्हा परिस्थिती ठरवते: घरात काही उरलेलं नाही आणि ज्याला पायरीवर थांबवलं होतं तो आता श्रीमंत आहे. सगळ्या कथेत ती दोनदा लग्न करते आणि दोन्ही वेळा तिच्या मनाच्या आधी हिशेब बसलेला असतो. पहिल्या वेळी घराण्याचा, दुसऱ्या वेळी पैशाचा.

मग तार येते. इथे चित्रपटाचा खरा कणा आहे असं मला ठामपणे वाटतं. समाजाने, स्वतःच्या समजुतीने ती पियलची बायको आहे. पण जिनदास तेवढी वर्षं जिवंत होता, म्हणजे ती त्याचीही बायको होतीच. आता तो गेला. नंदा त्याचं शेवटचं सगळं पत्नीच्या नात्याने करते. मोठ्या घराच्या मानाला साजेसं करते. कुणी सांगितलेलं नसताना करते. आणि पियल, जो पुढारलेला, शहरातला, स्वकष्टाने वर आलेला, तो बेचैन होतो. मेलेल्या, हरलेल्या माणसाचा त्याला मत्सर वाटतो. तिच्या शोकात त्याला स्वतःची जुनी अवहेलना दिसते: अजूनही मी कमीच का?

घराची मालकी बदलते, खुर्चीत बसणारा बदलतो. पण बाईच्या मनात काय चाललंय याचा जाब मागण्याचा हक्क जुन्या मालकाकडून नव्याकडे जसाच्या तसा जातो. मुहन्दिरमांनी तो मागितला, जिनदासला मागायचं धैर्य नव्हतं, पियल मागतो. गावाची एवढी उलथापालथ झाली आणि ही एक गोष्ट जागची हलली नाही. माझ्या मते या चित्रपटाचं सामाजिक भाष्य इथे आहे, सरंजाम विरुद्ध भांडवल या मांडणीपेक्षा खोल. लेस्टर ते भाषणातून सांगत नाहीत. नंदाच्या एका कृतीतून ते दिसतं.

अंत्यविधीची नंदा आज्ञाधारक आहे की बंडखोर? बाई म्हणाल्या, दोन्ही. आज्ञाधारकपणाचं पूर्ण माप टाकून ती पहिल्यांदा स्वतःचा निर्णय घेते, आणि तो घेण्यासाठी तिच्याकडे रीतीशिवाय दुसरं हत्यारच नाही. मी हे त्यांच्या संमतीने पुस्तिकेत जसंच्या तसं घेतलं आहे.

पियलला मी खलनायक करणार नाही. चित्रपटही करत नाही. शेवटाकडे त्याला स्वतःचा कोतेपणा कळतो, आणि हेन्री जयसेन यांनी तो कळणं फार सावकाश, आवाज न चढवता केलं आहे. ते मुळात नाटककार, रंगभूमीवरचे मोठे नट. पडद्यावर किती कमी करायचं हे त्यांना उमगलेलं होतं.

३ ऑगस्ट

अनुलावर अर्धं पान वाढवलं. थोरली, न लग्न झालेली, घराण्याच्या प्रतिष्ठेची सगळ्यांत कडक राखणदार. ज्या व्यवस्थेने तिला काही दिलं नाही तिचं रक्षण ती जिवापाड करते. अशा आत्या-मावश्या प्रत्येक जुन्या घरात असतात आणि त्यांच्यावर कुणी लिहीत नाही.

१० ऑगस्ट

प्रश्नांचं पान. अध्यक्षकाकांना प्रश्न सोपे हवेत. मला वाटतं, लोकांना अवघड प्रश्न आवडतात, फक्त ते त्यांच्या जगण्यातले हवेत. शेवटी ठेवलेले:

पियल गरीबच राहिला असता तर नंदाच्या घराने काय केलं असतं, आणि नंदाने?

जिनदासला कुणी काम शिकवलं असतं तर?

तिस्स शहरात जातो, त्याला कुणी घराणं विचारत नाही; नंदा जाऊ शकली असती का?

मातर हामिनेने मुलीला कधी एकटीला विचारलं असेल का?

जातीचा प्रश्न वेगळा करायचा नाही असं ठरलं. सिंहली समाजात गोविगम, म्हणजे शेती करणारी जात, संख्येने आणि मानाने वरची. किनाऱ्यावर करावे, सलागम, दुराव या जाती मासेमारी, दालचिनी, ताडी या धंद्यांतून आणि पुढे व्यापारातून वर आल्या. चित्रपटात जात मोठ्याने उच्चारली जात नाही. ती ‘घराणं’ या शब्दाआड राहते, जशी आपल्याकडच्या लग्नाच्या बैठकीत राहते. लोक आपणहून तिथे येतील.

१७ ऑगस्ट

छपाई झाली. नकाशा चांगला उठला आहे. बालपिटिय आणि कोग्गल दोन्ही दिसतात, मधे गॉल.

२४ ऑगस्ट

पाऊस असूनही सभागृह भरलं. वीज गेली नाही.

पहिली वीसेक मिनिटं चुळबुळ होती. चित्रपट शांत आहे, कॅमेरा घाई करत नाही, माणसं खोलीत येतात, बसतात, गप्प राहतात. मग हळूहळू सगळे त्या घरात शिरले. माडांच्या बागा, ओसरी, खांब, दुपारची झोपाळू हवा. दक्षिण लंकेचा किनारा आणि आपला किनारा एकमेकांना फार परके नाहीत, त्यामुळे हे जग कुठलं, असं विचारायची वेळ कुणावर आली नाही.

चर्चा अपेक्षेपेक्षा लांबली. एका काकांनी पियलची बाजू जोरात मांडली: ज्याला दारातून परत पाठवलं त्याने मन मोठं करावं ही अपेक्षा नेहमी खालच्याकडूनच का? त्यांच्या आवाजात स्वतःचं काही होतं आणि सगळे ऐकत राहिले. प्रश्न रास्त आहे. पियलचा अपमान खरा आहे; त्याचा मत्सर त्या अपमानातूनच आला आहे. माझ्या मांडणीत हा धागा कमी पडला होता, तो पुढच्या आवृत्तीत ठळक करणार.

त्याला उत्तर दिलं मागच्या रांगेतल्या एका तरुणीने. म्हणाली, अपमान मुहन्दिरमने केला, मग हिशेब नंदाकडे का मागता? काका थोडा वेळ गप्प बसले आणि म्हणाले, “हे मात्र पटलं, बाळा.”

जिनदासविषयी बायकांनी जास्त सहानुभूतीने बोलावं याचं मला नवल वाटलं. एकींनी मुंबईला गेलेल्या आणि वर्षानुवर्षं पत्र न पाठवलेल्या चुलत्याचं सांगितलं. त्यांची काकू कुंकू लावावं की नाही या संभ्रमात म्हातारी झाली. खोटी बातमी, उशिरा आलेली बातमी, न आलेली बातमी: चाकरमान्यांच्या मुलखात हे कथानक कुणालाच ओढूनताणून आणलेलं वाटलं नाही. पुस्तिका लिहिताना मला तारेचा तो प्रसंग नाट्यमय वाटत होता. सभागृहात तो रोजचा वाटला.

अनुलावर कुणी बोललं नाही. बाई मात्र निघताना म्हणाल्या, ते अर्धं पान पुढे पूर्ण कर.

३१ ऑगस्ट

बाकी कामं आणि पुढचं.

दुसरी आवृत्ती करायची मागणी आली आहे. शेजारच्या तालुक्यातल्या वाचनालयाला प्रती हव्या आहेत. तिच्यात बदल: पियलच्या अपमानावर वेगळा परिच्छेद, अनुलाचं पान पूर्ण, आणि कोग्गलच्या सनावळीत १९९१ ची भर. त्या वर्षी कोग्गलला निर्यात प्रक्रिया क्षेत्र सुरू झालं. श्रीलंकेच्या अशा क्षेत्रांत कापडी तयार कपड्यांचे कारखाने मोठ्या प्रमाणावर आहेत आणि तिथे शिवणकामाला मुख्यतः गावाकडच्या तरुण मुली असतात. नंदाच्या गावची मुलगी आज सकाळी कामावर जाते आणि पगार तिच्या हातात येतो. तिला लग्नाविषयी कुणी विचारतं का, हा प्रश्न यादीत घालते आहे.

‘गम्पेरळिय’ ही विक्रमसिंघ्यांच्या तीन कादंबऱ्यांच्या त्रयीतली पहिली. पुढच्या वर्षीसाठी त्या त्रयीवरचे उरलेले दोन चित्रपट सुचवले आहेत. विक्रमसिंघ्यांनी तिसरा भाग ‘युगान्तय’ आधी लिहिला, १९४९ ला, आणि मधला ‘कलियुगय’ १९५७ ला. लेस्टरनी दोन्ही १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला पडद्यावर आणले. ‘कलियुगय’त पियल आणि नंदा कोलंबोत श्रीमंत, वयस्क झालेले आहेत, आणि ती कामं पुन्हा हेन्री जयसेन आणि पुण्या हीन्देनिया यांनीच केली, मधली वीसेक वर्षं चेहऱ्यावर घेऊन. ‘युगान्तय’त गामिणी फोन्सेका उद्योगपती सविमन कबलान आहे, आणि त्याचा मुलगा कामगारांच्या बाजूला जातो. तिन्ही एका दिवसात दाखवायचे नाहीत, तीन रविवार घ्यायचे. परवानगीची पत्रं या आठवड्यात टाकते.